गाडी गावाची

कादिर मुकादमबद्दल सांगण्यासारखं फार काही नाही. चोवीस वर्षं त्याने एकाच रस्त्यावर गाडी चालवली, एवढंच. सौदीत, धाहरानच्या अलीकडे एका ठेकेदार कंपनीचा कॅम्प होता. पहाटे तिथून बारा माणसं व्हॅनमध्ये घ्यायची, अबकैकच्या बाजूला प्लांटच्या फाटकाशी उतरवायची आणि संध्याकाळी तीच माणसं परत आणायची. कुठल्या वळणावर वारा रेती आणून टाकतो, उंटांच्या कुंपणाला कुठे भगदाड पडलंय, थंडीत धुकं कुठून दाटायला लागतं, हे सगळं त्याला पाठ होतं. त्याच्या गाडीत माणसं झोपायची. ब्रेक लागून कोणी जागा झाला असं चोवीस वर्षांत घडलं नव्हतं. कादिरला अभिमान म्हणावा असा तेवढाच होता, आणि तोही त्याने कधी बोलून दाखवला नाही.

त्याचं गाव वेळशेत, रत्नागिरी जिल्ह्यातलं, खाडीच्या काठावरचं. तिथे बायको शरीफा आणि धाकटी मुलगी नबीला. नबीला फार्मसीच्या दुसऱ्या वर्षाला होती. आणखी दोन वर्षं, मग ती पास होणार आणि कादिर घरी जाणार, असं ठरलेलं होतं. वय अठ्ठावन्न. दोन वर्षं म्हणजे काय, आली आणि गेली, असं तो शरीफाला फोनवर म्हणायचा.

फेब्रुवारीत एका सकाळी प्लांटवरून रिकामी गाडी घेऊन तो कॅम्पवर आला आणि फोनवर अरबीतला संदेश दिसला. दंडाचा असेल, असं त्याला वाटलं. असले संदेश त्याला बरेच यायचे. पण हा जरा लांबलचक होता, म्हणून तो कॅम्पच्या ऑफिसात गुरुनाथांकडे गेला. गुरुनाथ मिरजेचे. सगळ्यांच्या इकाम्याचे, म्हणजे तिथल्या राहण्याच्या परवान्याचे, आणि रजेचे कागद तेच बघायचे. त्यांनी फोन हातात घेतला, संदेशाचं भाषांतर करून वाचलं, मग चष्मा काढून पुन्हा वाचलं.

"कादिरभाई, बसा जरा."

"उभाच बरा आहे साहेब. गाडी धुवायची आहे."

"गाडी राहू द्या. लायसन काढून घेतलंय. तीन महिने."

"कुणाचं?"

गुरुनाथांनी फोन त्याच्यासमोर ठेवला. इकाम्याचा नंबर कादिरचाच होता.

गुरुनाथांनी शाळेत समजवावं तसं समजावलं. दंड वेगळा आणि पॉइंट वेगळे. प्रत्येक गुन्ह्याला दंडाबरोबर पॉइंटही पडतात. वर्षभरात चोवीस भरले की लायसन जातं.

"पण दंड तर सगळे भरले," कादिर म्हणाला. "एकही बाकी नाही."

"दंड भरलात. पॉइंट भरता येत नाहीत, कादिरभाई."

आता हे पॉइंट आले कुठून ते सांगायला हवं. कंपनीच्या व्हॅनवर एकही नव्हता. सगळे होते गावाच्या गाडीवर.

वेळशेतची चाळीसेक माणसं दम्माम, कतीफ, अल-खोबर अशी विखुरलेली होती. त्यांची जमात होती, दम्माममध्ये जमातीची एक खोली होती आणि एक रीत होती, जुन्यांनी पाडलेली. वेळशेतचा माणूस विमानतळावरून एकटा बाहेर पडत नाही आणि एकटा आत जात नाही. कोणी नवा आला, कोणी सुट्टीवर निघाला, कोणाची मय्यत गावी न्यायची असली, तर जमातीची गाडी जाणारच. त्यासाठी नऊ वर्षांपूर्वी सगळ्यांनी मिळून एक जुनी पांढरी गाडी घेतली. नावावर कोणाच्या करायची? बाकीचे कोणी फिटर, कोणी शिंपी, कोणी दुकानात. लायसनवाले मोजकेच. सगळ्यांनी कादिरकडे बोट दाखवलं. शिस्तीचा माणूस, कंपनीचा ड्रायव्हर. गाडी त्याच्या नावावर झाली आणि चावी खोलीतल्या खिळ्याला लटकली. ज्याला वेळ असेल तो घेऊन जायचा.

पहिल्याच वर्षी एका दंडावरून दोघांची जुंपली. मी नव्हतो, तूच होतास, असं करता करता त्यांनी एकमेकांशी सलाम-दुवा टाकली. तेव्हा कादिरनेच भांडण मिटवलं. सगळ्यांसमोर म्हणाला, "यापुढे कोणी विचारायचा नाही, चालवत कोण होता ते. गाडी गावाची, दंड गावाचा." लोकांना ते फार आवडलं. त्यानंतर संदेश आला की कादिर तो जमातीच्या ग्रुपवर टाकायचा, खुर्शीदभाय जमातीच्या डब्यातून दंड भरायचे, आणि खलास. कोणी कोणाला विचारत नसे. नऊ वर्षं या एका वाक्यावर जमात गुण्यागोविंदाने चालली होती.

आणि आता गुरुनाथ कागदावर मांडून दाखवत होते: गेल्या मे महिन्यात फोन कानाला लावल्याचा, मग वेग, पुन्हा वेग, पट्टा नाही, आणि शेवटी सव्वीस दिवसांपूर्वी दम्मामच्या बाहेर, विमानतळाच्या हमरस्त्याआधीचा लाल सिग्नल. त्या एकाचेच बारा. वेळ दुपारी चार दहा.

"चारला तर मी प्लांटच्या फाटकावर असतो," कादिर म्हणाला.

"ते मला माहीत आहे. मशीनला नाही."

त्या दिवशी संध्याकाळी व्हॅन दुसऱ्या साइटवरून आणलेल्या ड्रायव्हरने चालवली. कादिर खोलीत पडून होता. माणसं परत आली तेव्हा त्यांचे आवाज त्याला बाहेरूनच ऐकू आले. ती जागी होती.

दुसऱ्या दिवशी गुरुनाथांनीच त्याला बोलावून घेतलं. त्यांची मुलगी क्षितिजा अमेरिकेत असते. तिच्या ऑफिसातल्या एकाचं असंच लायसन गेलं होतं, तर त्याला तिथल्या सरकारने एक कागद दिला. घरापासून कामापर्यंत चालवायची परवानगी, बाकी कुठे नाही. "इथे तसं काही आहे की नाही, मला कल्पना नाही," गुरुनाथ म्हणाले. "पण विचारायला काय हरकत आहे?"

कादिरच्या मनात तो कागद घर करून बसला. त्यावर काय काय लिहिलेलं असेल ते तो स्वतःशीच ठरवत राहिला. रस्ता एकच. जाण्याची वेळ पहाटे साडेचार, येण्याची संध्याकाळी पाच. मधे कुठे थांबायचं नाही, चहालासुद्धा नाही. जुम्म्याला गाडीला हात लावायचा नाही. सगळं कबूल होतं त्याला. त्याने वहीच्या पानावर कॅम्प ते प्लांट असा रस्ता काढला. पेट्रोलपंप, उंटांचं कुंपण, पूल, फाटक, सगळं दाखवलं. गुरुनाथांनी इंग्रजीत अर्ज लिहिला, भाषांतरवाल्याकडून अरबीत करून घेतला आणि नकाशा त्याला टाचला.

बुधवारी कादिर मुरूरमध्ये, म्हणजे वाहतूक पोलिसांच्या कचेरीत गेला. आयुष्यात पहिल्यांदा तो तिथे टॅक्सीने पोचला. काउंटरवरचा अधिकारी तरुण होता आणि वागायला चांगला. 'या हाज', म्हणजे हाजीसाहेब, म्हणून त्याला खुर्ची दिली. अर्ज शांतपणे वाचला, नकाशाही पाहिला.

"रस्ता मला माहीत आहे," तो म्हणाला. त्याचं अरबी कादिरला समजेल इतकं सावकाश होतं. "माझा भाऊ तिकडेच नोकरीला आहे. पण असा कागद आमच्याकडे नाही. लायसन असतं किंवा नसतं. मधलं काही नसतं."

"फक्त एक रस्ता," कादिर म्हणाला.

"एकसुद्धा नाही."

मग अधिकाऱ्याने कॉम्प्युटरवर त्याची यादी उघडली आणि तारखा बघत राहिला. सिग्नल तोडला त्या वेळी तू कामावर होतास असं तुझ्याच अर्जात लिहिलंय, तो म्हणाला. मग चालवत कोण होतं? बाकीच्या गुन्ह्यांवर हरकत घ्यायची मुदत संपली आहे, पण या एकाची रविवारपर्यंत आहे. जो चालवत होता त्याचं नाव आणि इकामा नंबर टाक. त्याने आपल्या मोबाइलवर हो म्हटलं की ते बारा पॉइंट त्याच्याकडे जातील आणि तुझं लायसन परत. कोण होता, या हाज?

कादिरने नकाशाची घडी घातली. कोण होता ते त्याला ठाऊक होतं. त्या दुपारी खुर्शीदभायची बहीण, जिला तौकीर फुफी म्हणायचा, मक्केला उमरा करून परत गावी निघाली होती आणि तिला पोचवायला तौकीर गेला होता. ग्रुपवर फोटोही आला होता, तौकीर सामानाची ट्रॉली ढकलतोय असा. तौकीर कतीफला पाण्याचा टँकर चालवायचा. बायको तबस्सुम आणि मुलगी मेहेक इथेच, एका खोलीत. त्याच्या स्वतःच्या नावावर टँकरचे चौदा पॉइंट होते. हे त्याने मागे हसत हसत सांगितलं होतं, पॉइंट म्हणजे काय ते कोणालाच कळत नव्हतं तेव्हा.

"विचारून सांगतो," कादिर म्हणाला. मग जरा थांबून त्याने अर्जावर शिक्का मागितला. अधिकारी म्हणाला, मारतो, पण त्याचा उपयोग काही नाही. तरी त्याने मारला. कॅम्पवर आल्यावर कादिरने गुरुनाथांना अर्ज दाखवला. "शिक्का दिला, साहेब." गुरुनाथांनी शिक्का वाचला. अर्ज पाहिला, एवढंच त्यात लिहिलं होतं.

शुक्रवारी नमाजनंतर जमात खोलीत जमली. बिर्याणी आली होती. वीसेक माणसं भिंतीला टेकून बसली होती आणि तौकीर चहाचे कप फिरवत होता. सुरुवातीला चेष्टाच झाली.

"कादिरचाचा, मुरूरवाल्यांनी तुमचा फोटो भिंतीवर लावलान म्हणतात," एसी दुरुस्त करणारा शाहिद म्हणाला.

"चोवीस वर्षात चोवीस पॉइंट. वर्षाला एक धरा, हिशेब बरोबर हाय," दुसरा कोणी म्हणाला आणि खोली हसली. कादिरही हसला.

मग खुर्शीदभायने हात वर केला. ते सगळ्यांत मोठे, पंचाहत्तरीकडे झुकलेले. खोबरला शिंप्याचं दुकान. "कादिर, काय झाला ता नीट सांग."

कादिरने सांगितलं. मुदत रविवारपर्यंत आहे हे सांगितलं. "नाव मी टाकून भागणार नाही," तो म्हणाला. "ज्याने चालवली त्याने आपल्या मोबाइलवर हो म्हणायला हवा."

एवढं बोलून तो थांबला आणि कपाकडे बघत राहिला. कोणाकडेही बघायचं नाही असं त्याने येतानाच ठरवलं होतं.

दोघं-तिघं बिर्याणीची ताटं गोळा करायला लागले. बऱ्याच वेळाने एक जण म्हणाला, "आपल्यात विचारायची रीत नाय. कादिरभायनीच घातलेली हाय ती."

"मी विचारत नाही," कादिर म्हणाला.

"ता बरोबर. मी आपला सांगतो."

खुर्शीदभाय हळूच म्हणाले, "तीन महिने जमात कादिरचा पगार देईल. गावी पाठवायचा तो थांबणार नाय. कबूल?"

सगळे एकदम कबूल म्हणाले. अगदी मनापासून म्हणाले. प्रत्येकाला कादिरसाठी काहीतरी करायचं होतं. शाहिदने तर आपल्याकडून जास्तीचे सांगितले.

"पगाराचा नाही," कादिर म्हणाला. "कंपनीला ड्रायव्हर लागतो. माझ्या इकाम्यावर ड्रायव्हर लिहिलाय. लायसन नसलेला ड्रायव्हर ती कशाला ठेवील?"

"तीन महिनेच ना. थांबंल कंपनी. चोवीस वर्षाचा माणूस."

"थांबंल, थांबंल," दोन-तीन आवाज आले.

तौकीर केटली घेऊन त्याच्यासमोर आला. वाकला. कप भरताना थोडा चहा बशीत सांडला. "चाचा, साखर कमी हाय, टाकू?" त्याने विचारलं. कादिरने मान हलवली, नको. तौकीर क्षणभर तसाच वाकून राहिला, मग पुढच्या कपाकडे गेला. निघताना त्यानेच दाराशी कादिरच्या चपला सरळ करून ठेवल्या.

शनिवारी कादिरने दिवसभर फोन उशाशी ठेवला. रविवारी खिशात. संध्याकाळी शरीफाचा फोन आला. तिला त्याने सगळं सांगितलेलं होतं.

"त्याला एक फोन करा ना," ती म्हणाली. "तोंड उघडून सांगा, बाबा, ही मुदत चुकली तर माझा घर बसंल."

"त्याला ठाऊक आहे."

"ठाऊक असणा वेगळा आन सांगणा वेगळा."

"त्याचं लायसन गेलं तर टँकर गेला. तबस्सुम, मेहेक, सगळी निघतील."

"मग नबीलाचा काय?" शरीफाने विचारलं. तरी कादिरने तौकीरला फोन लावला नाही. तौकीरचं पोट वाचवायला लावला नाही असं कोणी म्हणेल, पण ते पूर्ण खरं नाही. तो म्हणेल ना, तुम्हीच नव्हता का सांगितलं विचारायचं नाही म्हणून, आणि त्यावर आपल्याला काही बोलता येणार नाही, याची त्याला जास्त भीती वाटली. रविवार असाच गेला.

कंपनी थांबली नाही. गुरुनाथांनी एक महिना त्याला गाड्या धुवायला, कागद पोचवायला लावून कसंबसं काढलं. नवा ड्रायव्हर केरळचा, चांगला होता, पण ब्रेक जरा जोरात दाबायचा. एप्रिलमध्ये पत्र आलं. गुरुनाथांनी ते वाचून दाखवलं नाही, नुसतं पुढे केलं.

"स्टोअरमध्ये बघितलं मी," ते म्हणाले. "वॉचमनमध्येही बघितलं. वय विचारतात."

"तुम्ही पुष्कळ केलंत साहेब."

"तो अर्जच चुकला का आपला? वेगळा लिहायला हवा होता का?"

"अर्ज चांगला होता. शिक्कासुद्धा मिळाला," कादिर म्हणाला.

कायमचं जायचं तर नावावर गाडी असून चालत नाही. निघण्याआधी गावाची गाडी दुसऱ्या कोणाच्या नावावर करणं भाग होतं. खोलीत पुन्हा बैठक झाली. या वेळी दहाच जण आले. शाहिद म्हणाला, त्याचा कफील, म्हणजे व्हिसाचा मालक, बदलायचा आहे, आत्ता नावावर काही नको. एकाला डोळ्यांचं ऑपरेशन होतं. एकाचा भाऊ गाडी ठेवू नको म्हणत होता. तौकीर आलाच नव्हता. त्याची टँकरची पाळी होती. पॉइंट म्हणजे काय ते आता सगळ्यांना नीट कळलं होतं.

"कादिर, तू होतास म्हणून गावाची गाडी होती," खुर्शीदभाय म्हणाले. ही कौतुकाची गोष्ट होती, आणि त्यांनी ती कौतुकानेच सांगितली. गाडी एका जुन्या गाड्यांच्या व्यापाऱ्याला दिली. भिंतीवर खिळा तेवढा राहिला.

कादिरचं विमान मंगळवारी संध्याकाळी होतं. कामाचा दिवस, त्यामुळे कोणाला सुट्टी मिळण्यासारखी नव्हती. जमातीने आधीच, शुक्रवारी, त्याला जेवायला बोलावून घड्याळ दिलं होतं. गाडी नाही, तेव्हा पोचवायला कोण जाणार हा प्रश्न कोणी काढला नाही, आणि कादिरनेही काढला नाही. दुपारी तीनला त्याने मोबाइलवरून टॅक्सी मागवली. दोन बॅगा फाटकाशी आणल्या तर तिथे तौकीर उभा होता. टँकरवरून तसाच आलेला, सदरा भिजलेला.

"मी येतो चाचा," तो म्हणाला. "एकट्याने जायची रीत नाय आपल्यात."

दोघे मागच्या सीटवर बसले. टॅक्सीवाला कोणी सौदी मुलगा होता, रेडिओ लावून चालवत होता. कादिरला पाय कुठे ठेवायचे कळेना. त्याचा उजवा पाय मधूनच खाली दाबला जायचा, तिथे नसलेल्या ब्रेकवर.

दम्मामच्या बाहेर, हमरस्त्याच्या आधी, सिग्नल लाल झाला. टॅक्सी थांबली. खांबावरचा कॅमेरा समोर स्पष्ट दिसत होता. तौकीरने एकदा खांबाकडे पाहिलं, मग आपल्या हातांकडे.

"चाचा," तो म्हणाला. "त्या दिवशी, फुफीला पोचवायला गेलो तेव्हा..."

कादिरला ते ऐकायचं होतं. दोन महिने तो ते एकच वाक्य ऐकायला थांबला होता. पण आता त्या वाक्याने काही परत येणार नव्हतं. ना लायसन, ना व्हॅन, ना नबीलाची दोन वर्षं. आणि एकदा ऐकलं की ते आपल्यालाच गावी घेऊन जावं लागेल, असं त्याला वाटलं.

"तौकीर," तो म्हणाला, "गाडी गावाची होती."

तौकीरने तोंड खिडकीकडे फिरवलं. त्याचे खांदे हलत होते. टॅक्सीवाल्याने आरशातून एकदा मागे पाहिलं आणि रेडिओचा आवाज कमी केला.

सिग्नल बराच वेळ लाल होता. कादिर नुसता त्याच्याकडे बघत होता. हिरवा झाला, तरी त्याचा पाय ब्रेकवर होता तसाच राहिला.